वक्रोक्तीचे शस्त्र : ‘काळ’कर्ते शिवराम महादेव परांजपे

शिवराम महादेव परांजपे (१८६४–१९२९) हे मराठीतील राजकीय उपरोधाचे अग्रगण्य लेखक. निबंधकार, पत्रकार, वक्ते, संस्कृतचे पंडित, नाटककार आणि कादंबरीकार अशी त्यांची अनेक रूपे होती. मराठी वाचकाने मात्र त्यांना ‘काळकर्ते’ म्हणूनच लक्षात ठेवले. १८९८ ते १९१० या बारा वर्षांत पुण्याच्या ‘काळ’ साप्ताहिकातून त्यांनी जे लिहिले, त्याने परकीय सत्तेवर उघड टीका करणे धोक्याचे असतानाही टीका करता येते, आणि ती सरळ टीकेपेक्षा अधिक खोल जाते, हे दाखवून दिले. त्यांचा विनोद हसवण्यासाठी नव्हता. पारतंत्र्याची लाज वाटावी आणि त्या लाजेतून स्वातंत्र्याची ओढ लागावी, यासाठी तो होता.

जन्म आणि शिक्षण

परांजपे यांचा जन्म २७ जून १८६४ रोजी महाड येथे झाला. रायगडाच्या पायथ्याचा हा मुलूख. कोकणातील शिक्षणानंतर ते पुण्याला आले आणि न्यू इंग्लिश स्कूलमध्ये दाखल झाले. विष्णुशास्त्री चिपळूणकर, टिळक आणि त्यांचे सहकारी यांनी १८८० मध्ये काढलेली ही शाळा त्या काळी राष्ट्रीय विचारांचे केंद्र होती. १८८४ मध्ये परांजपे मॅट्रिक झाले. संस्कृतसाठी दिली जाणारी मानाची जगन्नाथ शंकरशेट शिष्यवृत्ती त्यांना मिळाली. १८९२ मध्ये ते संस्कृत घेऊन एम. ए. झाले आणि वेदान्तातील अभ्यासासाठी पारितोषिकेही त्यांनी मिळवली.

पुढे ते पुण्याच्या महाराष्ट्र कॉलेजात संस्कृतचे प्राध्यापक झाले. वर्गाबाहेर त्यांचे नाव गाजले ते वक्ता म्हणून. १८९३ नंतर सार्वजनिक गणेशोत्सव आणि त्यापाठोपाठ शिवजयंतीचा उत्सव सुरू झाला, तेव्हा या उत्सवांच्या व्यासपीठावरून त्यांची व्याख्याने होऊ लागली. पुराणातील कथा सांगता सांगता ते श्रोत्यांना वर्तमानात आणून सोडत. ही भाषणे सरकारच्या डोळ्यांवर आली आणि प्राध्यापकीचा रस्ता बंद झाला. लेखणीचा रस्ता मात्र तिथूनच सुरू झाला.

परांजपे यांच्या शैलीची मुळे या शिक्षणात आहेत. संस्कृत साहित्यशास्त्रात वक्रोक्तीचा, म्हणजे आडवळणाने बोलण्याचा, विचार फार जुना आहे. कुंतकाने तर वक्रोक्तीला काव्याचा प्राणच मानले आणि आपल्या ग्रंथाला ‘वक्रोक्तिजीवित’ असे नाव दिले. वरवर स्तुती करून निंदा करणारी व्याजस्तुती, झाडा-पक्ष्यांच्या निमित्ताने माणसाविषयी बोलणारी अन्योक्ती, केवळ आवाजाच्या हेलाने अर्थ उलटा करणारी काकू, हे सारे प्रकार संस्कृतच्या विद्यार्थ्याला पाठ असत. बहुतेकांनी ते परीक्षेपुरते वापरले. परांजपे यांनी ते सत्तेविरुद्ध वापरले.

‘काळ’चा जन्म

‘काळ’चा पहिला अंक शुक्रवारी, २५ मार्च १८९८ रोजी निघाला. हा दिवस कोणत्या परिस्थितीत उजाडला, हे पाहिल्याशिवाय परांजपे यांच्या लेखनाची रीत समजत नाही.

१८९६ मध्ये मुंबईत प्लेगची साथ सुरू झाली आणि १८९७ च्या आरंभी ती पुण्यात पसरली. रोग्यांच्या शोधासाठी गोऱ्या सैनिकांनी घराघरांत शिरून घेतलेल्या झडत्यांनी लोक संतापले. २२ जून १८९७ रोजी प्लेग कमिटीचा अध्यक्ष रँड याच्यावर चापेकर बंधूंनी गोळ्या झाडल्या. सरकारने पुण्यातील नातू बंधूंना खटल्याशिवाय अटकेत टाकले आणि टिळकांवर राजद्रोहाचा खटला भरून त्यांना अठरा महिन्यांची शिक्षा दिली. ‘काळ’चा पहिला अंक निघाला तेव्हा टिळक तुरुंगात होते. दामोदर चापेकर फाशीची वाट पाहत होते. त्यांना १८ एप्रिल १८९८ रोजी फासावर चढवण्यात आले.

याच सुमारास कायदाही कडक झाला. भारतीय दंडविधानात राजद्रोहाचे १२४ अ हे कलम १८७० मध्ये आले होते. टिळकांच्या खटल्यानंतर, १८९८ मध्ये, त्याची व्याप्ती वाढवण्यात आली आणि सरकारविषयी द्वेष किंवा तुच्छता उत्पन्न करणे हाही गुन्हा ठरला. निरनिराळ्या वर्गांत वैर वाढवण्याबद्दलचे १५३ अ हे कलमही तेव्हाच आले. द्वेष न पसरवता सरकारी उपायांना नापसंती दाखवण्याची मुभा मात्र कायद्याने ठेवली होती. त्या मुभेची हद्द कोठे संपते हे ठरवणार होते सरकारचेच न्यायालय.

अशा वेळी संपादकापुढे तीन वाटा होत्या. गप्प बसणे, अर्जविनंत्यांच्या भाषेत लिहिणे, किंवा सरळ बोलून तुरुंगात जाणे. परांजपे यांनी चौथी वाट काढली. सरकारविरुद्ध एकही उघड वाक्य न लिहिता सरकारविरुद्धच लिहायचे. शब्दांत निष्ठा, अर्थात बंड.

उपरोधाची रीत

हे कसे साधते, ते एका उदाहरणाने समजून घेता येईल. मिठावरील कराला विरोध करायचा आहे असे समजा. अर्थशास्त्राचा लेखक कराचे दर देईल, गरिबाच्या मिळकतीशी त्याची तुलना करील आणि कर कमी करावा अशी मागणी करील. उपरोधकार म्हणेल, की मिठामुळे माणसाला तहान लागते, तहान ही पीडा आहे, आणि प्रजेला पीडा होऊ नये म्हणून दयाळू सरकारने मीठ महाग केले आहे. एवढी काळजी आजवर कोणत्या राजाने वाहिली? या मजकुरात तक्रारीचा एक शब्द नाही. तरी वाचून झाल्यावर कराविषयी आणि तो बसवणाऱ्याविषयी मनात जे उरते, ते आकड्यांनी उरले नसते. हा नमुना केवळ रीत दाखवण्यासाठी आहे, पण परांजपे यांच्या लेखांची चाल या जातीची असे.

त्यांच्या उपरोधाचे ढोबळ चार प्रकार दिसतात. पहिला, खोट्या स्तुतीचा. राज्यकर्त्यांच्या उपकारांची ते अशी यादी करीत, की प्रत्येक उपकारामागची लूट आपोआप उघडी पडे. दुसरा, भोळेपणाचा. लेखक काहीच न कळल्यासारखे साधे प्रश्न विचारी आणि त्या प्रश्नांची उत्तरे वाचकाला स्वतःलाच द्यावी लागत. तिसरा, दूरच्या गोष्टीचा. दुसऱ्या देशांची स्वातंत्र्ययुद्धे किंवा महाभारतातील प्रसंग यांविषयी लिहिता लिहिता ते हिंदुस्थानाविषयी बोलत. परदेशाचा किंवा पुराणाचा इतिहास लिहिणे हा गुन्हा नव्हता. चौथा, रूपककथेचा. ‘आम्रवृक्ष’, ‘एक कारखाना’, ‘प्रभाकरपंतांचे विचार’, ‘एका खडी फोडणाराची गोष्ट’ या त्यांच्या लेखनाची नुसती शीर्षके पाहिली, तरी राजकारणाचा मागमूस लागत नाही. झाड, कारखाना, खडी फोडणारा मजूर असे साधे विषय ते निवडीत.

या सर्वांच्या मागे वक्त्याचा कान होता. काकू हा अलंकार आवाजावर अवलंबून असतो आणि छापील अक्षराला आवाज नसतो. परांजपे यांनी ती उणीव वाक्यरचनेने भरून काढली. त्यांची वाक्ये लांब असतात. एकाच कल्पनेचे चार-पाच पैलू ती ओळीने मांडतात, दर पैलूला सूर चढतो आणि शेवटच्या दोन-चार शब्दांत सारा अर्थ फिरतो. म्हणून ‘काळ’ मोठ्याने वाचण्याचे पत्र होते.

समकालीनांशी तुलना केली की हे वेगळेपण अधिक ठळक होते. चिपळूणकरांच्या ‘निबंधमाले’त उपहास भरपूर आहे, पण तो उघडा आणि वादविवादाचा आहे. आगरकर तर्काने बोलत. टिळकांच्या अग्रलेखात मुद्दा सरळ असतो आणि भाषा घावासारखी थेट. श्रीपाद कृष्ण कोल्हटकरांनी १९०२ पासून ‘विविधज्ञानविस्तारा’त जे विनोदी लेख लिहिले आणि जे पुढे ‘सुदाम्याचे पोहे’ म्हणून प्रसिद्ध झाले, त्यांचे लक्ष्य समाजातील रूढी आणि ढोंग हे होते. कोल्हटकर वाचकाला त्याच्या स्वतःच्या खुळ्या चालींवर हसायला लावतात. परांजपे त्याला मालकाकडे बोट दाखवून हसायला लावतात, आणि हसू विरण्याआधीच त्याला आपण गुलाम आहोत याची आठवण करून देतात.

नाशिक जिल्ह्यातील वाचक

‘काळ’ पुण्याबाहेर कसा पोहोचला, याचे सर्वांत ठळक उदाहरण नाशिक जिल्ह्यात सापडते. देवळालीलगतच्या भगूर गावात २८ मे १८८३ रोजी विनायक दामोदर सावरकर यांचा जन्म झाला. ‘काळ’ निघाला तेव्हा ते पंधराव्या वर्षात होते. भगूर आणि नाशिक येथील त्या वर्षांत ‘केसरी’ आणि ‘काळ’ हे त्यांचे आवडते वाचन होते. परांजपे यांच्या लेखनाचा आपल्यावरील परिणाम त्यांनी पुढे कृतज्ञतेने मान्य केला. सावरकर आणि त्यांच्या सोबत्यांनी नाशिकमध्ये चालवलेला ‘मित्रमेळा’ आणि त्यातून १९०४ मध्ये उभी राहिलेली ‘अभिनव भारत’ ही संघटना या वातावरणात वाढली.

१९०५ मध्ये वंगभंगाच्या, म्हणजे बंगालच्या फाळणीच्या, विरोधात पुण्यात विदेशी कपड्यांची होळी झाली, तेव्हा टिळकांबरोबर परांजपेही तेथे होते आणि त्यांनी भाषण केले. ही होळी घडवून आणण्यात फर्ग्युसन कॉलेजात शिकणारे सावरकर पुढे होते. १९०६ मध्ये सावरकरांना लंडनमधील श्यामजी कृष्ण वर्मा यांची शिष्यवृत्ती मिळाली. त्यासाठी शब्द टाकणाऱ्यांत टिळकांबरोबर परांजपे होते.

आडवळणाने बोलण्याच्या या पद्धतीची किंमतही नाशिकने मोजली. गणेश ऊर्फ बाबाराव सावरकर यांनी प्रसिद्ध केलेल्या कवितांत पुराणातील देव आणि शिवकाळातील प्रसंग होते. १९०९ मध्ये नाशिकच्या खटल्यात त्या कवितांचा अर्थ राजाविरुद्ध युद्धाची चिथावणी असा लावण्यात आला आणि त्यांना जन्मठेप काळ्या पाण्याची शिक्षा झाली. त्याच वर्षी २१ डिसेंबरला अनंत कान्हेरे यांनी नाशिकच्या विजयानंद नाट्यगृहात जिल्हाधिकारी जॅक्सन याचा वध केला. रूपके आणि पुराणकथा यांच्या आड काय दडले आहे, हे सरकार एव्हाना चांगले ओळखू लागले होते.

खटला आणि ‘काळ’चा शेवट

३० एप्रिल १९०८ रोजी बंगालमधील क्रांतिकारकांनी मुझफ्फरपूर येथे बॉम्ब टाकला. या घटनेवर देशभरच्या पत्रांनी लिहिले. ‘काळ’मधील लेखनावरून ११ जून १९०८ रोजी परांजपे यांना अटक झाली आणि मुंबईत त्यांच्यावर राजद्रोहाचा खटला चालला. त्यांना मदत करण्यासाठी टिळक मुंबईला गेले होते. तेथेच २४ जूनला टिळकांनाही पकडण्यात आले. जुलैमध्ये परांजपे यांना एकोणीस महिन्यांची, तर २२ जुलैला टिळकांना सहा वर्षांची शिक्षा झाली. दोन आठवड्यांच्या आत महाराष्ट्राच्या दोन मोठ्या लेखण्या बंद पाडण्यात आल्या.

अशा खटल्यांत उपरोधाची मोठी अडचण होई. मराठी लेखाचे इंग्रजी भाषांतर न्यायालयापुढे ठेवले जाई आणि निकाल त्यावर अवलंबून असे. वक्रोक्तीचा अर्थ शब्दांत नसून सुरात असतो. भाषांतरात सूर गेला तर लेख निरुपद्रवी दिसे, आणि भाषांतरकाराने दडलेला अर्थ उघड करून लिहिला तर लेखकाने जे शब्दांत म्हटलेच नव्हते ते त्याच्या नावावर जमा होई. दहा वर्षांच्या लेखनानंतर परांजपे कोठे काय सुचवतात हे वाचकाला जसे पाठ झाले होते, तसे सरकारलाही झाले होते. ज्या आडोशाने दहा वर्षे संरक्षण दिले, तो आता पारदर्शक झाला होता.

१९०९ मध्ये परांजपे सुटले. पण १९१० च्या वृत्तपत्र कायद्याने सरकारला पत्रांकडून जामीन मागण्याचा अधिकार दिला आणि ‘काळ’कडून दहा हजार रुपयांची मागणी झाली. त्या काळी ही रक्कम एका साप्ताहिकाच्या आवाक्याबाहेरची होती. ‘काळ’ बंद पडला. त्यातील निबंधांचे ‘काळातील निवडक निबंध’ या नावाने निघालेले दहा खंड सरकारने जप्त केले. त्यांच्यावरील बंदी परांजपे यांच्या हयातीत उठली नाही. ज्या लेखकाची कीर्ती या निबंधांवर उभी होती, त्याचे निबंध पुढच्या पिढीला वर्षानुवर्षे उघडपणे वाचता आले नाहीत.

मार्क ट्वेन आणि परांजपे

याच काळात जगाच्या दुसऱ्या टोकाला एक मोठा उपरोधकार साम्राज्याविरुद्ध लिहीत होता. सॅम्युएल क्लेमेन्स, म्हणजेच मार्क ट्वेन (१८३५–१९१०), जगप्रवासात जानेवारी १८९६ मध्ये मुंबईला उतरला, वॉटसन हॉटेलात राहिला आणि तेथील नॉव्हेल्टी थिएटरात त्याची व्याख्याने झाली. पुण्यालाही तो जाऊन आला. १८९७ मध्ये निघालेल्या त्याच्या प्रवासवर्णनात हिंदुस्थानाला मोठी जागा आहे. अमेरिकेने फिलिपाइन्स बेटे ताब्यात घेतली, तेव्हा १९०१ मध्ये त्याने एक निबंध लिहून ‘सुधारणा देण्यासाठी’ दुसऱ्यांचे देश बळकावणाऱ्या सर्वच सत्तांची सालटी काढली. त्यात त्याने सुधारणेला विक्रीचा माल आणि राष्ट्रांना दुकानदार कल्पिले. हाही खोट्या स्तुतीचाच प्रकार.

दोघांचे हत्यार एकाच जातीचे, परिस्थिती मात्र उलट. ट्वेन स्वतंत्र देशाचा नागरिक होता आणि आपल्याच सरकारला जाब विचारत होता. त्यासाठी त्याला टीका सोसावी लागली, तुरुंग नाही. परांजपे जिंकलेल्या देशात, परक्या सरकारच्या कायद्याखाली लिहीत होते. ट्वेनने उपरोध निवडला, कारण तो परिणामकारक होता. परांजपे यांच्यासाठी तो परिणामकारक तर होताच, शिवाय लिहीत राहण्याचा तोच एक मार्ग होता. १९१० मध्ये ट्वेन वारला आणि त्याच वर्षी ‘काळ’ थांबला.

इतर लेखन आणि अखेरची वर्षे

‘काळ’बाहेरही परांजपे यांचे लेखन विपुल आहे. बाणभट्टाच्या कथेवरून ‘संगीत कादंबरी’, शेक्सपिअरच्या ‘मॅकबेथ’वरून ‘मानाजीराव’, आणि ‘पहिला पांडव’ ही त्यांची नाटके. ‘गोविंदाची गोष्ट’ आणि ‘विंध्याचल’ या कादंबऱ्या. साहित्यविषयक लेखांचे संग्रह वेगळे. ‘मराठ्यांच्या लढायांचा इतिहास’ हा त्यांचा ग्रंथ १९२८ मध्ये निघाला. त्यात १८०२ ते १८१८ या मराठी राज्याच्या अखेरच्या वर्षांचा अभ्यास आहे. ज्या पराभवाची वेदना ‘काळ’च्या निबंधांत उपरोधाच्या रूपाने आली होती, तिचा शोध येथे त्यांनी इतिहासकाराच्या नात्याने घेतला. तरी या साऱ्यात निबंधांची सर कशालाही आली नाही. नाटक-कादंबऱ्यांत त्यांचा अलंकारिकपणा कथेवर भारी पडतो.

१९२० मध्ये त्यांनी ‘स्वराज्य’ हे साप्ताहिक काढले. टिळकांच्या मृत्यूनंतर अनेक टिळकपक्षीय गांधीजींच्या असहकारापासून दूर राहिले. परांजपे मात्र त्यात सामील झाले. मुळशी पेट्यात टाटांच्या धरणासाठी शेतकऱ्यांच्या जमिनी जाणार होत्या. सेनापती बापट यांच्या पुढाकाराने झालेल्या त्या सत्याग्रहात भाग घेतल्याबद्दल १९२२ मध्ये त्यांना सहा महिन्यांचा तुरुंगवास झाला. तेव्हा त्यांचे वय अठ्ठावन्नच्या आसपास होते. १९२९ मध्ये बेळगाव येथे भरलेल्या मराठी साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष झाले आणि त्याच वर्षी २७ सप्टेंबरला त्यांचे निधन झाले.

मोठेपण आणि मर्यादा

परांजपे यांच्या लेखनाला मर्यादा आहेत. एक कल्पना हाती लागली की ते ती फार ताणतात. अलंकारांचा सोस कधी अर्थावर मात करतो. अर्जविनंत्यांवर भिस्त ठेवणाऱ्या मवाळ नेत्यांवरचे त्यांचे प्रहार नेहमीच न्याय्य नाहीत. अर्जविनंत्यांच्या राजकारणानेही संस्था उभ्या राहिल्या आणि आकडेवारीने सिद्ध केलेली टीका जन्माला आली, ही बाजू ‘काळ’ने फारशी पाहिली नाही. परकीय सत्तेवर रोखलेली ही तीक्ष्ण नजर आपल्या समाजातील जातिभेद आणि स्त्रियांची दुःस्थिती यांच्याकडे त्याच तीव्रतेने वळली नाही. १८७३ मध्ये ‘गुलामगिरी’ लिहून ती अमेरिकेतील दास्यविमोचनासाठी झटणाऱ्या लोकांना अर्पण करणाऱ्या जोतीराव फुले यांनी गुलामीचा जो दुसरा, घरातला चेहरा दाखवला होता, तो ‘काळ’च्या कक्षेबाहेर राहिला.

तरीही त्यांचे कार्य मोठे आहे. त्यांनी मराठी गद्याला ध्वनी आणि सूचकता यांचे सामर्थ्य दिले आणि पांडित्याच्या कपाटात पडलेला अलंकार रस्त्यावरच्या राजकारणात आणला. त्याहून महत्त्वाचे म्हणजे त्यांनी वाचक घडवला. उपरोध अर्धाच लिहिलेला असतो, उरलेला अर्धा वाचकाने पुरा करायचा असतो. दर शुक्रवारी ‘काळ’ वाचणारा माणूस सरकारी गौरवाची भाषा उलटी करून वाचायला शिकत होता, आणि एकदा ही सवय लागली की मग त्याला कोणत्याही जाहीरनाम्याने फसवणे अवघड होते.

‘काळ’चे निबंध आज वाचायचे तर त्यामागचा काळ ठाऊक असावा लागतो. १८९७ चा प्लेग, राजद्रोहाचे कलम, वंगभंग आणि १९०८ चे खटले माहीत नसतील तर त्यातील अर्धी वाक्ये साधी वाटतील. म्हणून या निबंधांची टीपांसह निवड शाळा-महाविद्यालयांच्या वाचनात यायला हवी. भाषण आणि लेखन यांच्यावर बंधने असताना मराठी भाषेने काय करून दाखवले, याचा परांजपे यांच्याइतका भक्कम पुरावा दुसरा नाही.